नकाशातले रोम आणि जिन्यातले रोम

‘रोम, ओपन सिटी’ या चित्रपटात मेजर बर्गमान या जर्मन पोलीस अधिकाऱ्याच्या कचेरीत भिंतीवर रोमचा मोठा नकाशा लावलेला आहे. शहराचे चौदा भाग पाडले आहेत. कमीत कमी शिपाई लावून जास्तीत जास्त माणसांची धरपकड कशी करायची, याची ती आखणी. समोरच्या इटालियन पोलीसप्रमुखाला बर्गमान मोठ्या तोऱ्यात सांगतो की आपण रोज संध्याकाळी या खोलीबाहेर पाऊल न टाकता रोमभर फेरफटका मारतो. हा फेरफटका छायाचित्रांतून होतो: रस्त्यांवरच्या लोकांचे फोटो त्याच्या मेजावर येतात आणि त्यांतून तो माणसे हेरतो. रॉबेर्तो रोसेलिनीचा 1945 सालचा हा चित्रपट प्रतिकार, छळ आणि हौतात्म्य यांची गोष्ट म्हणून ओळखला जातो आणि ते खरेही आहे. पण युद्धकाळात परक्या सत्तेखाली साधी माणसे जगतात कशी, हे समजून घ्यायचे असेल तर तो या नकाशापासून पाहायला सुरुवात करावी, असे मला वाटते. शहर जिंकणाऱ्याच्या हाती रस्ते, पूल, स्टेशने आणि कचेऱ्या लगेच येतात. कोण कोणाच्या घरी जेवतो, कोणत्या मजल्यावर कोणाचा भाऊ लपला आहे, कोण कोणासाठी खोटे बोलेल, ही माहिती मात्र त्याच्या हाती येत नाही. ती शेजाऱ्यापाजाऱ्यांत असते. सगळा झगडा तिच्यासाठी चालतो. ती लोकांच्या पोटात राहिली तर माणसे वाचतात. ती कचेरीच्या कागदावर उतरली की मरतात. हा चित्रपट जे दाखवतो ते या एका सूत्रावर तपासून पाहता येते, आणि रोमच्या इतिहासातले पुरावेही तिकडेच बोट दाखवतात.

आधी थोडी पार्श्वभूमी. मुसोलिनीची सत्ता जुलै 1943 मध्ये गेली. 14 ऑगस्टला नव्या इटालियन सरकारने रोम हे ‘खुले शहर’ असल्याचे जाहीर केले, म्हणजे इथे लष्कर नाही, त्यामुळे हल्ला करू नये. ही घोषणा कोणीच मनावर घेतली नाही. 8 सप्टेंबरला इटलीची दोस्त राष्ट्रांशी शस्त्रसंधी जाहीर झाली, दुसऱ्या दिवशी पहाटे राजा आणि पंतप्रधान बादोल्यो राजधानी सोडून निघून गेले आणि 10 सप्टेंबरला पोर्ता सान पाओलोजवळ सैनिक व नागरिकांनी केलेला प्रतिकार मोडून जर्मनांनी शहर ताब्यात घेतले. 4 जून 1944 रोजी दोस्तांचे सैन्य आत येईपर्यंतचे जवळजवळ नऊ महिने म्हणजे या चित्रपटाचा काळ. चित्रीकरण जानेवारी 1945 मध्ये सुरू झाले तेव्हा उत्तर इटलीत युद्ध अजून चालूच होते आणि चिनेचित्ता या मोठ्या स्टुडिओत निर्वासितांची छावणी होती. सेर्जियो आमिदेई आणि फेदेरिको फेलिनी यांच्यासारखे पटकथाकार स्वतः त्या नऊ महिन्यांतून गेलेले होते. पडद्यावरच्या बारीकसारीक गोष्टींवर विश्वास ठेवायला हे एक चांगले कारण आहे.

त्या बारीकसारीक गोष्टींत पहिली म्हणजे पाव. चित्रपटाच्या सुरुवातीलाच बायकांनी एक बेकरी फोडली आहे. दुकानापुढे झुंबड उडाली आहे. चर्चमधला सेवेकरी आधी हा प्रकार पाहून हबकतो आणि मग स्वतःच गर्दीत शिरतो. बंदोबस्ताला असलेला हवालदार काहीच करत नाही, कारण त्याच्याही घरात पाव नाही. आना मान्यानीने रंगवलेली पिना पिशवी भरून बाहेर पडते, हवालदार तिला सोबत करतो आणि ती आपल्या वाट्यातला पाव त्याला देते. हा प्रसंग कोणी कल्पनेतून रचलेला नाही. मार्च 1944 मध्ये रोममध्ये पावाचे रेशन माणशी दिवसाला 150 ग्रॅमवरून 100 ग्रॅमवर आले. म्हणजे पावाचे दोन-तीन पातळ काप. त्या वसंतात शहराच्या अनेक भागांत बायकांनी बेकऱ्यांवर आणि पिठाच्या कोठारांवर धाडी घातल्या. तिबुर्तिनो भागात कातेरिना मार्तिनेल्ली ही सहा-सात मुलांची आई पाव घेऊन परतताना मे महिन्याच्या सुरुवातीला गोळीला बळी पडली. काळ्या बाजारात सगळे मिळत होते, पण मजुराच्या पगारात नव्हे. बेकरीचा हा प्रसंग विनोदी ढंगाने घेतला आहे आणि प्रेक्षक हसतोही. पण त्यात एक व्यवहार पक्का होतो, त्याचे महत्त्व पुढे कळते. हवालदाराने बायकांना पाहिले आणि पाहिले नाही. त्याचा हा कानाडोळा पावाच्या तुकड्याने विकत घेतलेला नाही, कारण कानाडोळा आधी झाला आणि पाव नंतर आला. गणवेशातला माणूस मोहल्ल्याचा राहिला की सरकारचा झाला, हे अशाच क्षणी ठरते.

दुसरी गोष्ट म्हणजे ती इमारत. प्रेनेस्तिनो या कामगारवस्तीत, मोन्तेकुक्कोली रस्त्यावर, एका चाळवजा घरात पिना, तिचा मुलगा मार्चेल्लो, बहीण लाउरेत्ता आणि शेजारी तिचा होणारा नवरा फ्रान्चेस्को राहतात. फ्रान्चेस्को छपाई कामगार आहे, भूमिगत वृत्तपत्राच्या कामात आहे. खोल्या इतक्या भरलेल्या की लग्नाच्या आदल्या रात्री दोघांना बोलायला जागा नाही. ती जिन्याच्या पायरीवर बसून बोलतात. याच जिन्यावर आणखी एक प्रसंग घडतो, जो मला या चित्रपटातला सर्वांत चांगला निरीक्षणाचा नमुना वाटतो. इमारतीतली पोरे, रोमोलेत्तो नावाच्या कुबडीवर चालणाऱ्या मुलाच्या पुढारीपणाखाली, रात्री जर्मनांचा पेट्रोलसाठा उडवून परत येतात. शत्रूला न भ्यालेली ही टोळी जिना चढताना मात्र घाबरलेली आहे, कारण संचारबंदीनंतर घरी आल्याबद्दल मार बसणार. एकेका मजल्यावर एकेक दार उघडते, एकेका पोराला आत ओढले जाते आणि थपडांचा आवाज येतो. आईबापांना स्फोटाचा काही पत्ता नाही. या एका मिनिटात दोन गोष्टी कळतात. इथे सगळ्यांना सगळ्यांबद्दल सगळे माहीत असते असे नाही. घरातही गुपिते आहेत आणि ती असणेच सुरक्षित आहे. आणि तरीही प्रत्येक पोर कोणत्या दारातले, हे साऱ्या जिन्याला ठाऊक आहे. प्रत्येकाला गरजेपुरते माहीत असावे आणि जे माहीत आहे ते बाहेर जाऊ नये, अशी ही शिस्त आहे. भूमिगत संघटनांना ती नियम करून शिकवावी लागते. दाटीच्या वस्तीत ती अंगवळणी पडलेली असते.

दुसऱ्या दिवशी सकाळी झडती येते आणि दोन्ही रोम समोरासमोर उभी राहतात. जर्मन आणि त्यांचे फासिस्ट सहकारी इमारतीला वेढा घालतात, सगळ्यांना अंगणात उतरवतात. रोमोलेत्तोकडे वर बॉम्ब आहेत. आल्दो फाब्रित्सीने उभा केलेला पाद्री डॉन पिएत्रो मरणासन्न म्हाताऱ्याला शेवटची प्रार्थना ऐकवायच्या निमित्ताने वर जातो. म्हातारा ठणठणीत आहे आणि गप्प पडून राहायला तयार नाही, म्हणून शेवटी त्याच्या डोक्यात तवा घालून त्याला आडवा करावे लागते. शिपाई खोलीत येतात तेव्हा पाद्री प्रार्थना पुटपुटतो आहे आणि शस्त्रे अंथरुणात आहेत. इमारतीला काय चालले आहे ते कळते; शिपायांना फक्त एक म्हातारा आणि एक पाद्री दिसतो. पण लगेच पुढच्या क्षणी फ्रान्चेस्कोला ट्रकमध्ये कोंबले जाते, पिना शिपायांच्या हातांतून निसटून त्याचे नाव घेत ट्रकमागे धावते आणि रस्त्यातच गोळी लागून पडते. लग्न त्याच दिवशी व्हायचे होते, ती गरोदर होती. चित्रपट अर्ध्यावर आलेला असतो आणि प्रेक्षकाने जिला नायिका मानले ती गेलेली असते. रोसेलिनी तिच्यासाठी थांबत नाही. एवढ्या झटकन आलेला मृत्यू पाहून त्या काळचे प्रेक्षक हादरले, आणि आजही हादरतात, कारण हसण्यातून मरणात जायला मधे उंबरठाच ठेवलेला नाही.

पिनामागे एक खरी बाई आहे. कालाब्रियातून आलेली, पाच मुलांची आई तेरेसा गुल्लाचे 3 मार्च 1944 रोजी व्हियाले जूलिओ चेसारेवरच्या बराकीबाहेर उभी होती. धरपकडीत सापडलेल्या पुरुषांना तिथे कोंडले होते आणि त्यांत तिचा नवरा होता. बाहेर बायकांचा जमाव होता. ती नवऱ्याच्या दिशेने पुढे सरली आणि एका जर्मन सैनिकाने तिला गोळी घातली. ती तेव्हा सात महिन्यांची गरोदर होती. डॉन पिएत्रोही दोन खऱ्या पाद्र्यांपासून घडलेला आहे: प्रतिकार चळवळीला शस्त्रे मिळवून देणारे डॉन जुझेप्पे मोरोसिनी, ज्यांना 3 एप्रिल 1944 रोजी फोर्ते ब्राव्हेत्ता इथे गोळ्या घातल्या, आणि फरारी लोकांसाठी खोटी ओळखपत्रे तयार करणारे डॉन पिएत्रो पाप्पागाल्लो, जे त्याआधी दहा दिवस आर्देआतिने गुहांमध्ये मारले गेले. खोटे ओळखपत्र म्हणजे माझ्या सूत्राचा अगदी हातात धरता येईल असा पुरावा. एका माणसाचे कागदावरचे नाव आणि त्याचे शेजाऱ्यांना माहीत असलेले नाव यांची फारकत करायची, इतकेच ते काम. आणि त्यासाठी एका पाद्र्याला जीव द्यावा लागला.

आर्देआतिनेच्या हत्याकांडात कागदाची सत्ता सर्वांत उघडी पडली. 23 मार्च 1944 रोजी व्हिया राझेल्लामध्ये भूमिगत गटाने जर्मन पोलिसांच्या तुकडीवर बॉम्बहल्ला केला आणि 33 जण मेले. एका जर्मनामागे दहा इटालियन, असा आदेश निघाला. मग सुरू झाली यादी. जर्मन सुरक्षा पोलिसांचा प्रमुख हेर्बर्ट काप्लर याने व्हिया तास्सो इथल्या आपल्या तुरुंगाच्या कोठड्यांतली नावे काढली. आकडा भरेना तेव्हा रोमचा फासिस्ट पोलीसप्रमुख पिएत्रो कारुझो याच्याकडून 50 नावे मागवली. 24 मार्चला गुहांमध्ये प्रत्यक्ष 335 माणसे मारली गेली. हिशेबाने 330 व्हायला हवी होती. पाच जण जास्तीचे आणले गेले होते आणि त्यांनी सगळे पाहिले म्हणून त्यांनाही सोडले नाही. त्या हल्ल्याशी या 335 जणांचा संबंध नव्हता. यादीला तो लागतही नाही; तिला फक्त नाव आणि संख्या लागते. या घटनेची सावली चित्रपटावर आहे, पण ती पडद्यावर दाखवलेली नाही. रोसेलिनीने यादीच्या शेवटाऐवजी तिची सुरुवात दाखवली, म्हणजे माहिती माणसांच्या ओळखीतून कागदावर कशी येते ते.

ती येते मरीनाच्या मार्गाने. मरीना ही नाटकमंडळीत काम करणारी, देखणी, नायकाची, म्हणजे भूमिगत चळवळीतल्या मान्फ्रेदीची, जुनी मैत्रीण. पोलिसांना मान्फ्रेदीचा माग लागतो तोही दोघांच्या एका फोटोतूनच. पण फोटो एवढेच सांगतो की ही दोघे कधीतरी एकत्र होती. आज तो कुठे आहे, कोणाच्या आसऱ्याला जाणार आहे, हे फोटो सांगू शकत नाही. ते मरीनाच सांगू शकते. बर्गमानची सहकारी इंग्रिड तिला अमली पदार्थ, भेटवस्तू, फरचा कोट देऊन हाताशी धरते. मान्फ्रेदी आणि फ्रान्चेस्को एका रात्रीपुरते तिच्या घरी आश्रयाला येतात, तिचा आणि मान्फ्रेदीचा वाद होतो, डॉन पिएत्रोकडे जाण्याचे बेत तिच्या कानावर पडतात आणि ती फोन उचलते. मरीनाकडे केवळ पापीण म्हणून पाहणाऱ्या समीक्षकांशी माझे जमत नाही. पिनाच्या घरात जी उणीव आहे तीच मरीनाच्या भूतकाळात आहे, आणि गरिबीला ती इतकी भ्याली आहे की तिने जिना सोडून लिफ्टचे घर गाठले. पिनाची बहीण लाउरेत्ता त्याच वाटेवर आहे. चित्रपट असे सुचवतो की शेजारातून बाहेर पडलेल्या माणसाला विकत घेणे सोपे जाते. हे म्हणणे एकांगी आहे, पण पूर्ण चूक नाही. खऱ्या रोममध्येही खबरी देणाऱ्यांना रोख बक्षिसे होती आणि ती घेणारी माणसे जशी सुखवस्तू घरांत होती तशीच अगदी गरीब गल्ल्यांतही होती. तिथे चित्रपटाने वास्तव थोडे सोपे केले, हे मान्य करायला हवे.

यातून पहिला आणि सर्वांत वजनदार आक्षेप निघतो. या चित्रपटाने इटालियन लोकांना सोयीची गोष्ट दिली, असे अनेक इतिहासकार म्हणतात: दुष्ट ते जर्मन, सोबत मूठभर फासिस्ट, आणि बाकी सगळी जनता सोशिक आणि शूर. वीस वर्षे फासिस्ट राजवट चालली ती कोणाच्या पाठिंब्यावर, 1938 चे वंशकायदे कोणी केले, इथिओपिया, युगोस्लाव्हिया आणि ग्रीस इथे इटलीचे सैन्य काय करत होते, यातले काही चित्रपटात येत नाही. 1941-42 च्या हिवाळ्यात अथेन्समध्ये उपासमारीने हजारो माणसे मेली तेव्हा तिथे ताबा असलेल्या सत्तांमध्ये इटली होती. रोमच्या बायका पावासाठी रांगेत उभ्या राहण्याआधी अथेन्सच्या बायका उभ्या होत्या. खुद्द रोसेलिनीने 1941 ते 1943 या काळात राजवटीच्या युद्धप्रचाराला जुळणारे तीन चित्रपट केले होते. हा आक्षेप मी बाजूला सारत नाही. फक्त दोन गोष्टी त्याच्या शेजारी ठेवतो. एक, लग्नाआधी पिना डॉन पिएत्रोशी बोलते तेव्हा तिचा धीर सुटतो आणि देव आपल्याकडे पाहत नाही का, असे ती विचारते. तो तिला गोड आश्वासन देत नाही. आपण हे ओढवून घेतलेले नाही याची आपल्याला खात्री आहे का, अशा अर्थाचे तो बोलतो आणि आपण कसे जगलो याकडे बोट दाखवतो. छोटा संवाद आहे, पण 1945 सालच्या इटलीत तो ऐकवणे छोटे नव्हते. दोन, चित्रपट काय सिद्ध करतो याची मर्यादा ओळखली पाहिजे. लोक निर्दोष होते, हे त्यावरून सिद्ध होत नाही. दोषी आणि निर्दोष सगळे एकाच जिन्यावर राहत होते आणि त्या जिन्याचा उपयोग कोणी कसा केला, एवढेच तो दाखवतो. बेकरीपुढचा हवालदार कालपर्यंत त्याच राजवटीचा पगार घेत होता.

दुसरा आक्षेप मला अधिक बोचतो. 16 ऑक्टोबर 1943 रोजी पहाटे जर्मनांनी रोमच्या जुन्या ज्यू वस्तीला वेढा घातला आणि शहरभरातून हजाराहून अधिक ज्यू स्त्री-पुरुष-मुले पकडली. दोन दिवसांनी मालगाडी आउश्वित्झकडे गेली. परत आलेल्यांची संख्या 16. त्याआधी काप्लरने ज्यू समाजाकडून 50 किलो सोने वसूल केले होते, आणि ते दिले म्हणजे जीव वाचतील अशी लोकांची समजूत होती. चित्रपटात यातले काहीही नाही. त्या नऊ महिन्यांचे चित्र काढताना ही जागा कोरी राहावी, ही उणीव मोठी आहे आणि काळाचे कारण देऊन ती भरून निघत नाही. पण या उणिवेमुळे माझे सूत्र ढळते का, हे तपासले तर ती घटनाच त्याच्या बाजूने साक्ष देते. त्या पहाटे सैनिक दारोदार गेले ते नावे आणि पत्ते लिहिलेल्या याद्या हातात घेऊन. इटलीच्याच सरकारने 1938 पासून ज्यूंची नोंद करून ठेवली होती. कागद तयारच होता. आणि जे वाचले, त्यांतले हजारो जण मठांमध्ये, ओळखीच्या घरांमध्ये, खोट्या नावांवर वाचले. म्हणजे शहर तेच, सत्ता तीच. नोंद आधीच पक्की होती तिथे माणसे गेली, आणि कोणीतरी दार उघडून काही विचारले नाही तिथे वाचली.

तिसरा आक्षेप कलेच्या बाजूने येतो. ज्याला वास्तववादी चित्रपट म्हणून डोक्यावर घेतले त्यात बर्गमान आणि इंग्रिड ही भडक खलपात्रे आहेत, त्यांची विकृती लैंगिकतेशी जोडण्याचा स्वस्त मार्ग घेतला आहे, संगीत भावना ओढून काढते, आणि संवाद नंतर डब केलेले आहेत. हे सगळे खरे आहे. फुटकळ फिल्मचे तुकडे जोडून चित्रपट बनवल्याची दंतकथाही पुढे मूळ निगेटिव्ह तपासल्यावर टिकली नाही. फिल्म मोजक्याच प्रकारांची होती. खलपात्रे रंगवताना रोसेलिनीची लेखणी जाड झाली, यात शंका नाही. पण जर्मन पात्रांत हार्टमान नावाचा एक अधिकारीही आहे. रात्री दारूच्या नशेत तो सगळ्यांसमोर बोलून जातो की आपण युरोपभर प्रेतेच पसरली आणि या प्रेतांतून द्वेष उगवणार आहे. दुसऱ्या दिवशी सकाळी डॉन पिएत्रोला मारायला नेतात तेव्हा इटालियन गोळीबार पथक मुद्दाम नेम चुकवते. पुढे होऊन पिस्तूल चालवतो तो हाच हार्टमान. मोरोसिनींच्या वेळीही पथकातल्या बऱ्याच जणांनी नेम चुकवला असे सांगितले जाते. रात्री सदसद्विवेक बोलतो आणि सकाळी हुकूम पाळला जातो. भडक खलनायकाहून हा माणूस जास्त घाबरवणारा आहे, आणि तोही याच चित्रपटात आहे.

आणखी एक शंका व्यवहारी आहे: शेजाऱ्यांच्या मौनाने कुठे राज्ये उलटतात? रोम सुटले ते लष्कराने. हे खरेच आहे, आणि चित्रपटालाही ते माहीत आहे. पाव घेऊन परतताना ते अमेरिकन खरोखर आहेत तरी का, असा विषय निघतो आणि पिना बॉम्बने ढासळलेल्या इमारतीकडे नजर टाकते, की आहेत बहुधा. 19 जुलै 1943 च्या बॉम्बवर्षावात सान लोरेन्सो आणि आसपासच्या भागांत माणसे हजारोंनी मेली होती. सोडवणारेही आकाशातून मारत होते. त्या सोडवणाऱ्यांमध्ये भारतीय फौजा होत्या, हे मराठी वाचकाने लक्षात ठेवावे. रोममधून वाहणाऱ्या तिबर नदीच्या वरच्या खोऱ्यात, रोम सुटल्यावर पाच आठवड्यांनी, 10 जुलै 1944 रोजी मराठा लाइट इन्फंट्रीच्या तिसऱ्या बटालियनचे नाईक यशवंत घाडगे मशीनगनच्या ठाण्यावर एकट्याने चालून गेले आणि तिथेच पडले. कोलाबा, म्हणजे आजच्या रायगड जिल्ह्यातल्या माणगाव तालुक्यातला हा जवान. त्यांना मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. पुढच्या एप्रिलमध्ये सेनियो नदीवर नगर जिल्ह्याच्या नामदेव जाधवांनी तोच सन्मान मिळवला. शहर त्यांच्यासारख्यांनी सोडवले. पण ते येईपर्यंतचे नऊ महिने कोणीतरी जिवंत राहायला हवे होते, आणि ते काम सैन्याचे नव्हते. 17 एप्रिल 1944 रोजी क्वाद्रारो ही वस्ती काप्लरच्या माणसांनी वेढली आणि सातशेहून अधिक पुरुष सक्तमजुरीसाठी जर्मनीला नेले. एवढी मोठी वस्ती सरसकट उचलावी लागली, बहुधा अशासाठी की तिथे नेमके कोण हवे ते सांगायला कोणी पुढे येत नव्हते. यात वस्तीची ताकदही दिसते आणि त्या ताकदीची किंमतही.

‘रोम, ओपन सिटी’ 24 सप्टेंबर 1945 रोजी रोममध्ये दाखवला गेला. 1946 मध्ये पहिल्या कान महोत्सवात सर्वोच्च पारितोषिक अनेक चित्रपटांना विभागून मिळाले, त्यात हा होता आणि चेतन आनंद यांचा ‘नीचा नगर’ही होता. 1952 च्या जानेवारीत मुंबईत भारताचा पहिला आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव भरला आणि त्यात नव्या इटालियन चित्रपटांबरोबर हाही आला. सच्चेपणा आणि खरे रस्ते यांचा धडा आपल्याकडच्या दिग्दर्शकांनी तिथे घेतला, त्याबद्दल पुष्कळ लिहिले गेले आहे आणि इथे त्याची पुनरुक्ती नको.

सूत्राची खरी कसोटी रोसेलिनीने स्वतःच तीन वर्षांनी घेतली. ‘जर्मनी, वर्ष शून्य’ या 1948 सालच्या चित्रपटासाठी तो बर्लिनला गेला. आता ताबा दोस्तांचा आणि उपाशी लोक जर्मन. बारा वर्षांचा एडमुंड आजारी बाप, बहीण आणि भाऊ यांच्यासह एका पडक्या शहरातल्या इमारतीत दुसऱ्या कुटुंबाच्या घरात राहतो. तिथेही दाटी तशीच, जिना तसाच. पण घरमालकाला हे बिऱ्हाड डोईजड झाले आहे. वीज कोणी जास्त जाळली यावरून रोज भांडणे होतात, आणि म्हाताऱ्याने लवकर डोळे मिटावेत असे तो उघड बोलतो. भाऊ कार्ल-हाइन्झ शेवटपर्यंत लढलेला सैनिक. पोलिसांत नोंद केली तर पकडतील या भीतीने तो लपून बसतो, त्यामुळे त्याच्या नावे रेशनकार्ड नाही आणि चार माणसांचे पोट तिघांच्या शिध्यावर चालते. जुना नाझी मास्तर एडमुंडला सांगतो की दुबळ्यांनी मरावे आणि बळकटांनी जगावे हा निसर्गाचा नियम आहे. पोराच्या डोक्यात ते बसते आणि तो बापाला विष देतो. इथे तर खुद्द रेशन आणि नोंदीचा कागद जीव वाचवणारा होता. भूक तेवढीच, दाटी तेवढीच. कमी होता तो शेजार. बारा वर्षे ज्या राजवटीने शेजाऱ्याला शेजाऱ्याविरुद्ध खबरी द्यायला शिकवले तिने तो आतून पोखरला होता. कार्ल-हाइन्झ शेवटी पोलिसांकडे जातो तेव्हा ते त्याची चौकशी करतात आणि सोडून देतात. नोंद केल्याने काही होत नाही, एवढी साधी गोष्ट त्याला त्या भरलेल्या इमारतीत आधी उमगलेली नव्हती.